छातीचा दगड

दूर शिवारात सुरुंग उडाला की माय भाकर थापता थापता थांबायची. तवा तापलेला असायचा, हाताला पीठ असायचं, पण दुसरा आवाज येईपर्यंत ती हलायची नाही. माझे बाबा विहिरी फोडायचे. दिग्रस, दारव्हा, कधी थेट उमरखेडपर्यंत, ज्याच्या वावरात काळा पाषाण लागला त्याचा माणूस सायकलवर आमच्या दारी यायचा. बाबा नेहमी दोन-दोन भोकं जोडीनं दारूनं भरायचे. एक फुटलं आणि दुसरं फुटलं नाही, तर कुणालातरी जवळ जाऊन पाहावं लागतं, आणि माणसं जातात ती तिथंच. दुसरा दणका ऐकू आला की भाकर पुन्हा परातीत फिरायला लागायची. त्या घरातले आवाज मला आजही वेगळे काढून सांगता येतील. छपराच्या कवेलूंवर फिरणाऱ्या चिमण्या, कण्या शिजताना झाकणाची थडथड, रविवारी विहारातून येणारी वंदना, आणि सुजाताताईच्या पत्र्याच्या डब्यात दगडावर दगड घासला की होणारी किणकिण.

आम्ही तिघं भावंडं. थोरली सुजाता, मधली मी, विशी, आणि सगळ्यांत लहान मिलिंद, ज्याला सगळी वस्ती मिल्या म्हणायची. घर दोन खोल्यांचं, भिंती मातीच्या, भिंतीवर दोन फोटो आणि त्यांच्यापुढं मेणबत्तीचं काळं झालेलं ताट. देव म्हणून घरात काही नव्हतं. माय माहेराहून देवांचे दोन चांदीचे टाक घेऊन आली होती. लग्नाच्या दुसऱ्याच महिन्यात बाबांनी तिला अरुणावती नदीवर नेलं आणि तिच्याच हातानं ते पाण्यात सोडायला लावले. बाबा रागीट नव्हते, पण या एका बाबतीत त्यांचं मन पाषाणासारखं होतं. "बापानं नागपूरले शंभर मैल पायी जाऊन धम्म घेतला," ते म्हणायचे, "ते कायले? पुन्हा गोट्यापुढं डोकं टेकवाले?" माय बोलायचीच कमी. जवसाची चटणी कुटताना, अंबाडी निवडताना तिचे ओठ हलायचे, पण काय म्हणते ते कुणी विचारलं नाही.

आणि गंमत अशी की त्या घरात दगड आणले ते बाबांनीच. काळ्या पाषाणात कधी कधी पोकळी असते. बाहेरून बघाल तर काही कळणार नाही. सुरुंगानं दगड उलला की आत बर्फासारखं पांढरं, काचेसारखं लख्ख काहीतरी उगवलेलं दिसतं. बाबा ते तुकडे दुपट्ट्याच्या पदरात बांधून आणायचे. दुसऱ्यांचे बाप बाजारातून फुगे आणायचे, आमचे बाबा विहिरीच्या तळातून हे आणायचे. पांढऱ्या सुयांचा झुबका, फिक्या गुलाबी पानांची गड्डी, पाण्यासारखे चौकोनी खडे, आणि एकदा एक जांभळी गार, जी उन्हात धरली की ताईच्या गालावर जांभळा डाग पडायचा. ताई ते सगळे डब्यात ठेवायची. तिनंच त्यांना नावं दिली. सुई, पान, पाणी, जांभळी.

माझी हाडं दुखायची. दुखायची म्हणजे कशी ते ज्यांना होतं त्यांनाच कळेल. गुडघ्याच्या आत कुणीतरी बसून पहार मारतंय असं वाटायचं, दोन-दोन दिवस. मग आपोआप कमी व्हायचं आणि मी पुन्हा शाळेत जायची. गावातले डॉक्टर वात म्हणायचे. मिल्यालाही तेच होतं, त्याच्या हाताची बोटं लहानपणी सुजून केळ्यासारखी व्हायची. ताईला मात्र काही नव्हतं. ती धडधाकट होती, आणि आमच्या अंथरुणापाशी बसून बसून तिला त्याची लाज वाटत असावी असं मला आता वाटतं. आज या आजाराची पोस्टरं दवाखान्याच्या भिंतीवर लावलेली असतात. सिकलसेल हा शब्द आमच्याकडच्या अंगणवाडीतली पोरंसुद्धा म्हणतात. तेव्हा आमच्याजवळ त्याला नाव नव्हतं. आमच्याजवळ ताईचा डबा होता.

दगड लावायची ती पद्धत ताईनं एकाएकी नाही बनवली. दोन-तीन वर्षांत हळूहळू बनली. माझ्या उशाशी बसून ती विचारायची, "कुठं दुखते?"

"गुडघ्यात."

"कोन्या बाजूनं? खरं सांग. खोटं सांगितलं तं दगड घेत नाही."

"आतून. वाटीच्या खाली."

"मंग सुई."

पायाला सुई, हाताला पान, पोटाला पाणी, डोक्याला जांभळी. दगड दुखऱ्या जागेवर ठेवायचा आणि दुखणं नेमकं कुठं आहे ते मनातल्या मनात शोधत राहायचं. शोधून सापडलं की दगडाला त्याची वाट दाखवायची. दगड गरम झाला म्हणजे भरला. भरलेला दगड ओल्या मातीत पुरायचा, दुसऱ्या दिवशी उन्हात ठेवायचा, तोवर कुणी हात लावायचा नाही. एका दगडानं एकाचंच दुखणं घ्यायचं, म्हणून माझी सुई वेगळी आणि मिल्याची वेगळी. कधी कधी नियम मोडायचे आणि ताई नवा नियम करायची. अमावस्येला दगड काम करत नाहीत असं मी एकदा सुचवलं तर ती चिडली. "अमावस्या-फमावस्या आपल्यात नाही. बाबा काय म्हनतीन?"

दुखणं जायचं का? मला खरंच सांगता येत नाही. एवढं सांगता येतं की दगड गुडघ्यावर असताना मी रडत नसे, आणि ताईचा तळहात दगडावर असायचा, आणि दगड गरम व्हायचा, जसा कुठलाही दगड तळहाताखाली होतो.

एकदा बाबांनी पाहिलं. कामावरून लवकर आले होते. मिल्या पालथा पडलेला, त्याच्या मनगटावर गुलाबी पान, आणि ताई डोळे मिटून बसलेली. बाबा दारातच उभे राहिले.

"हे काय होऊन राह्यलं?"

ताईनं डोळे उघडले. "खेळनं आहे बाबा."

"खेळनंच आहे न?"

"हो. मीच बनवलं. पाह्य, सगळ्यायचे नावं मीच ठेवले."

बाबांनी पायातल्या चपला काढल्या, खाली बसले आणि म्हणाले, "मंग माह्या खांद्याले कोनता?" त्या दिवशी आम्ही खूप हसलो. बाबांच्या खांद्यावर पान ठेवलेलं, मिल्या त्यांच्या पाठीवर, आणि बाबा म्हणतात, भरला का वं तुहा दगड, मले भूक लागली. मायनं त्या दिवशी तर्रीची वांग्याची भाजी केली होती. ती चुलीपाशी होती आणि तिच्याशिवाय सगळे हसत होते. ती दगडांकडं बघत होती.

त्यानंतर मी पाहिलं, ताई शाळेत गेली की माय तो डबा खाली काढायची. दगड एकेक करून पदरानं पुसायची आणि जागच्या जागी ठेवायची. बस, एवढंच. एकदा मी विचारलं, "माय, काय करून राह्यली?" तर म्हणाली, "धूळ बसते."

आता तो दिवस. कापसाची वेचणी चालली होती. माय वावरात, बाबा उमरखेडच्या बाजूला विहिरीवर. शाळेला सुट्टी होती, आम्ही तिघंच घरी. मिल्याला दोन दिवसांपासून ताप होता, पण ताप त्याला नेहमीच यायचा. सकाळी त्यानं दूध-भाकर खाल्ली, थोडा वेळ गोट्या खेळला, मग येऊन अंथरुणावर पडला आणि म्हणाला, "ताई, दुखते."

ताईनं डबा काढला. "कुठं?"

त्यानं छातीवर हात ठेवला.

मला ताईचा चेहरा आठवतो. ती घाबरली नव्हती. ती डब्यात बघत होती. छातीचा दगड नव्हता. माझी छाती कधी दुखली नव्हती, त्याचीही नाही, म्हणून तिनं तो बनवलाच नव्हता. तिनं पोटाचा काढला, पाण्यासारखा चौकोनी खडा, आणि त्याच्या छातीवर ठेवला. मिल्या म्हणाला, "हा पोटाचा आहे." त्याला सगळे नियम पाठ होते. "हा घेत नाही ताई."

त्याचा श्वास आखूड झाला होता, धापा टाकत पळून आल्यासारखा. ताई मला त्याच्याजवळ बसवून वावराकडं पळाली. माय आली तेव्हा तिच्या ओटीत अजून कापूस होता. तिनं मिल्याच्या कपाळाला हात लावला, ओठ पाहिले. ताई म्हणाली, "माय, दारव्ह्याले नेऊ. जीप सापडंन चौकात."

"तुहा बाप येऊ दे."

"बाबा संध्याकाळी येतीन. आताच नेऊ न."

माय खाली बसली. मांडीवर मिल्याचं डोकं घेतलं. आणि मग ती जे बोलली ते तिच्या तोंडून येईल असं आम्हा दोघींनाही कधी वाटलं नव्हतं. "दगड लाव बाई."

"माय, ते खेळनं आहे."

"विशीले फरक पडते न? मी पाह्यते न रोज. लाव तू. तुले येते."

"छातीचा नाही माय. छातीचा मी बनवलाच नाही."

"मंग सगळे लाव."

ताईनं सगळे लावले. सुई, पान, पाणी, जांभळी, माझे, त्याचे, सगळे त्याच्या बरगड्यांवर मांडले, आणि वर आपले दोन्ही हात ठेवून डोळे मिटले. माय हात जोडून बसली होती. दगडांपुढं हात जोडलेली माय मी त्या दिवशी पहिल्यांदा पाहिली. मी दारात उभी राहून रस्त्याकडं बघत होते. मिल्याच्या प्रत्येक श्वासाबरोबर दगड वर-खाली व्हायचे आणि किणकिण वाजायचे. पुष्कळ वेळ. ऊन दारातून सरकत सरकत चुलीपर्यंत गेलं.

बाबा आले ते घामेजलेले, हातात दुपट्टा. त्यांनी एक नजर टाकली, हातानं सगळे दगड खाली लोटले आणि मिल्याला उचलून पळाले. थेट यवतमाळला जाणारी जीप मिळाली. माय सोबत गेली. यवतमाळच्या अलीकडं, जिथं आता मोठा पेट्रोलपंप आहे, तिथं बाबांनी जीपवाल्याला सांगितलं, थांब दादा, आता घाई नाही.

पुढं कितीतरी वर्षांनी, माझ्या आजाराचं निदान झाल्यावर, मी एका डॉक्टरीणबाईंना तो दिवस सांगितला होता. सकाळीच आणलं असतं तर? त्या म्हणाल्या, "त्या काळी, त्या रस्त्यानं, सांगता येत नाही हो." मला त्यांचा राग आला नाही. सांगता येत नाही हेच खरं होतं आणि आमच्या घरात प्रत्येकानं ते आपापल्या परीनं ऐकलं. मायनं कधीही त्या दिवसाचा उल्लेख केला नाही. बाबांनीही तिला कधी विचारलं नाही, एवढं मी त्यांच्या बाजूनं सांगीन. डबा मात्र त्यांनी दुसऱ्याच दिवशी नेला आणि वस्तीच्या विहिरीत रिकामा केला.

ताई पुढची दोन वर्षं ठीक होती, किंवा आम्हाला तशी वाटली. दहावी झाली, शिवणकाम शिकली. मग पुसदकडचं स्थळ आलं, मुलगा एसटीत होता. पाहुणे बसले, पोहे झाले, मुलाच्या आत्यानं विचारलं, "बाई, आवड कायची आहे?" ताईनं शांतपणे सांगितलं, "मले एक दगड शोधाचा आहे. तो सापडला का मंग लग्न करतो." पाहुण्यांना आधी ती थट्टा वाटली. ती उठून गेली नाही, रडली नाही. कसा दगड, कुठं सापडेल, ते समजावून सांगत बसली. चहा तसाच राहिला.

ते गेल्यावर बाबा ओरडले. इतके मोठ्यानं ते कधी ओरडले नव्हते. "तूनंच बनवलं होतं ते! तुह्या तोंडानं सांगितलं होतं मले, खेळनं आहे म्हनून! नावं तूनं ठेवले, नियम तूनं केले, एकही खरं नोतं त्यातलं!"

"हो बाबा," ताई म्हणाली. "मीच बनवलं. म्हनून तं मलेच मालूम आहे कोनता कमी आहे."

बाबांनी पाहुण्यांचे न प्यायलेले कप उचलून बाहेर ओतले.

नागपूरच्या दवाखान्यात तिला दोनदा ठेवलं. गोळ्यांनी ती झोपायची, जाड झाली, सुई धरताना हात थरथरायचा, पण दगड डोक्यातून गेला नाही. कुठं विहीर फुटते असं कळलं की घरातून निघायची. मग विहिरी कमी झाल्या, बोअर आले, आणि ती गिट्टीच्या खदानींवर जायला लागली. खदानीवरची माणसं हसायची. कुणी मुद्दाम लांबच्या खदानीचं नाव सांगायचं आणि ती उन्हातान्हात तिथंवर चालत जायची. एकदा ती परत आली तेव्हा तिचं लुगडं फाटलेलं होतं. काय झालं ते तिनं सांगितलं नाही. मायनं तिला न्हाऊ घातलं, आणि त्या पावसाळ्यात माय अंथरुणाला लागली ती उठलीच नाही.

मी दारव्ह्याला शाळेत नोकरीला लागले. गोळी मिळाली, रक्त मिळालं, जगले. लग्न नाही केलं. साठी गाठली याचं डॉक्टरांनाही नवल वाटतं. मागच्या वर्षी शेजारची एक कॉलेजातली पोरगी मोबाइलवर काहीतरी दाखवायला आली. शहरात असे दगड विकतात म्हणे, चकाकणारे, मखमलीच्या डबीत, सोबत तक्ता. कोणता दगड कुठल्या दुखण्यावर. छातीसाठी गुलाबी. मी शेजारी बसलेल्या ताईकडं पाहिलं. ताईनं चष्मा लावून तो तक्ता नीट वाचला आणि मोबाइल परत दिला. "खोटं आहे," म्हणाली. "मनानंच बनवलं यायनं."

पण मला सांगायचं आहे ते बाबांचं. त्या फाटलेल्या लुगड्यानंतर बाबांनी ताईला एकटं कधी जाऊ दिलं नाही. आधी घरात कोंडून पाहिलं. ती दाराशी बसून राहायची, जेवायची नाही. मग एका सकाळी त्यांनी कोपऱ्यातली पहार उचलली, शिदोरी बांधली आणि म्हणाले, "चाल." सुरुंगाचं काम त्यांनी केव्हाच सोडलं होतं, पण खदानींवर त्यांना ओळखणारे जुने लोक होते. ताई त्यांच्या सोबत असली की कुणी हसायचं नाही. असं कितीतरी वर्षं चाललं. दोघं सकाळच्या एसटीनं जायचे, संध्याकाळी परत यायचे, पिशवी रिकामी. मी चिडायची. म्हणायची, बाबा, तुम्हीच असं केलं तर ती कशी बरी होईल? ते म्हणायचे, "बरी नाही होत ते. मी काय तिले बरी कराले जातो? ते जाते, म्हनून जातो."

एका रविवारी मी त्यांच्यासोबत गेले. रस्ता चौपदरी होत होता आणि दिग्रसच्या बाजूला टेकडी अर्धी कापली होती. क्रशर बंद होता, पांढरी धूळ सगळीकडं बसलेली, पळसाच्या पानांवरसुद्धा. आम्ही भाकर खाल्ली, चटणी, कांदा. ताईचे केस पांढरे झाले होते. बाबा ऐंशीच्या घरात, एका डोळ्यात मोतीबिंदू. जेवण झाल्यावर ताई दगडांच्या ढिगाऱ्याच्या एका टोकाला गेली आणि बाबा दुसऱ्या टोकाला. मला वाटलं होतं बाबा सावलीला बसत असतील. ते वाकून वाकून दगड उलटत होते. एकेक दगड उचलून चांगल्या डोळ्याजवळ नेत, अंगठ्यानं धूळ पुसत, बाजूला ठेवत. जुन्या कामाची सवय हाताला होती, कुठल्या दगडात पोकळी असेल ते त्यांना वजनावरून कळायचं.

मी जवळ जाऊन म्हणाले, "बाबा, उन्हात कायले? बसा न."

"तो धुरकट आहे म्हनते," ते माझ्याकडं न बघता म्हणाले. "आतून एक उभी रेघ. बोटाएवढा."

"बाबा, ते तिच्या मनातलं आहे."

"मालूम आहे मले."

आणि पुन्हा वाकले. मी तिथंच उभी राहिले. बऱ्याच वेळानं त्यांनी एक दगड पहारीच्या टोकानं फोडला, आतून काहीतरी अलगद काढलं, दुपट्ट्याला पुसलं. सूर्याकडं धरलं. मग त्यांनी हाक मारली. त्या आवाजात असं काही होतं की मीही पुढं झाले.

"सुजे! अवं सुजे, इकडं ये! हा पाह्य!"

ताई ढिगाऱ्यावरून घसरत, धडपडत आली. बाबांनी हात पुढं केला. तळहातावर बोटाएवढा धुरकट खडा होता आणि त्यात, मी माझ्या डोळ्यांनी पाहिलं, उभी रेघ होती. ताईनं तो उचलला. दोन्ही बाजूंनी पाहिला, उन्हात धरला, आपल्या छातीवर ठेवून डोळे मिटले. बाबा तोंड किंचित उघडं ठेवून तिच्याकडं बघत होते.

तिनं डोळे उघडले आणि खडा त्यांच्या हातात परत ठेवला. "नाही बाबा," ती हळूच म्हणाली, लहान मुलाला समजावतात तशी. "हा नाही."

बाबांनी तळहाताकडं पाहिलं. त्यांचा चेहरा पडला.